तात्यांच्या कॅसेटी आणि काळी एक

माळ्यावरचे दोन पत्र्याचे डबे खाली उतरवून झाकण उघडलं, तेव्हा आधी वास आला. ओल्या पुठ्ठ्याचा आणि उंदरांचा. आत कॅसेटी होत्या, मोजून ८६. साठ मिनिटांच्या ६० आणि नव्वदच्या २६, म्हणजे हिशोबाने ९९ तास.

"त्या भंगाराक हात कित्याक लावतंस? उंदरांनी मुतलेला आसा ता," काकी ओट्यावरून म्हणाली. ती बोलली ते खरंच होतं.

कॅसेटी तात्यांच्या. तात्या म्हणजे माझे थोरले काका. देवगड तालुक्यात, विजयदुर्गच्या अलीकडे खाडीकाठी आमचं घर आहे. तात्या प्राथमिक शाळेत मास्तर, आणि दिवेलागणीनंतर भजनी मंडळाचे बुवा. आमच्याकडे बुवा म्हटला की पेटी आलीच. गाणारा तोच, वाजवणाराही तोच. पण तात्यांचं खरं व्यसन रेडिओ. भजनात रंगलेला माणूस शनिवारी रात्री साडेनऊच्या आत घरी यायचा, कारण आकाशवाणीवर संगीताचा अखिल भारतीय कार्यक्रम लागायचा. २० जुलै १९५२ ला सुरू झालेला हा कार्यक्रम दीड तास चालायचा, आणि नव्वद मिनिटांची कॅसेट त्याच्या मापाचीच. फक्त पंचेचाळीस मिनिटांनी बाजू उलटावी लागे, आणि ती वेळ नेमकी विलंबित, म्हणजे संथ भाग, संपून द्रुत, म्हणजे जलद भाग, सुरू होताना यायची. तात्यांच्या बहुतेक नव्वदच्या कॅसेटींत द्रुताचं तोंड कापलेलं आहे.

मी कणकवलीला बँकेत आहे. गेल्या जूनमध्ये ठरवलं, की शनिवार-रविवार गावी यायचं आणि पाऊस संपेपर्यंत या सगळ्या कॅसेटी संगणकावर घ्यायच्या. पाऊस संपला, दिवाळी झाली, तरी काम चालूच होतं. एक तासाची कॅसेट एक तासच वाजते हे मला माहीत होतं, पण त्याचा अर्थ कळायला शिमगा उजाडला.

पहिले दोन आठवडे एकही कॅसेट वाजवली नाही. कोकणातल्या पावसाळ्यात कपाटातल्या कपड्यांना बुरशी धरते तशी टेपलाही धरते. कॅसेटीच्या खिडकीतून बघितलं तर टेपच्या गुंडाळीवर पांढरे ठिपके. तशीच वाजवली तर बुरशी टेप वाचणाऱ्या हेडला लागते आणि पुढच्या कॅसेटीलाही. आमच्याकडे रेशमी साड्यांच्या कपाटात पिवळा बल्ब लावून ठेवतात. काकीचं ते कपाट मी मागितलं. साड्या पलंगावर आल्या, कॅसेटी आत गेल्या. काकीने तोंड वाकडं केलं, पण बल्ब बदलून तिनेच दिला.

मग एकेक कॅसेट उघडायची. जुन्या चांगल्या कॅसेटींना पाच स्क्रू असतात, ते सोपं काम. स्वस्तातल्या कॅसेटी चिकटवलेल्या असतात. त्यांच्या फटीत पातं घालून फोडाव्या लागतात आणि आतली चक्रं नव्या खोक्यात बसवावी लागतात. टेपला हेडवर दाबून धरणारा फेल्टचा एक इवलासा तुकडा असतो. त्याचा डिंक वाळून तो जवळजवळ सगळ्या कॅसेटींत निसटलेला. हा नसेल तर आवाज गोधडीत गुंडाळल्यासारखा येतो. मला हे आधी ठाऊक नव्हतं, आणि पहिल्या तीन कॅसेटी गोधडीतल्या आवाजातच उतरवून झाल्या. त्या नंतर पुन्हा केल्या.

कॅसेटी वाजवायचा डेक जुना घेतला, मुंबईहून. विकणाऱ्याने 'एकदम चालू' म्हणून पाठवला. चालू होता, आणि खातही होता. पहिल्याच दिवशी त्याने एका कॅसेटीची हातभर टेप ओढून रबरी चाकाभोवती गुंडाळली. नशीब, ती दूरदर्शनवरच्या कुठल्याशा मालिकेच्या शीर्षकगीताची होती. बेल्ट बदलले, चाक पुसलं, आणि वेग तपासायला ३१५० हर्ट्झची चाचणी कॅसेट मागवली. ती वाजवून आकडा बरोबर येईपर्यंत मोटरचा स्क्रू हळूहळू फिरवला. आता निदान माझं यंत्र तरी खरं बोलत होतं.

आणखी एक स्क्रू आहे, त्याबद्दल बोलल्याशिवाय पुढे जाता येत नाही. डेकचं हेड टेपला किती काटकोनात आहे ते तो स्क्रू ठरवतो. तात्यांच्या रेकॉर्डरचं हेड किंचित कललेलं असणार, त्यामुळे त्यांच्या कॅसेटी सरळ हेडवर बोथट वाजतात. म्हणून प्रत्येक कॅसेटीला तो स्क्रू केसभर फिरवायचा आणि कान लावून बसायचं. एका जागी तबल्याची चाट अचानक उघडते, तंबोऱ्याची जवार दिसायला लागते. दिसायला हाच शब्द बरोबर आहे. इतक्या स्वस्तात इतका आनंद दुसऱ्या कशात नाही. संगणकावरच्या कुठल्याही फिल्टरने हे काम होत नाही, आणि लोक ते सोडून फिल्टरच्याच मागे लागतात. मीही लागलो होतो. एका मल्लिकार्जुन मन्सूरांच्या कॅसेटीवर खरखर काढायचं बटण दाबलं, तर बुवा विहिरीत उतरून गायल्यासारखे ऐकू यायला लागले. तेव्हापासून नियम केला: जसं आलं तसं आधी जपून ठेवायचं, आणि मग हवी तर प्रत करून तिच्यावर प्रयोग करायचे.

कॅसेटीत काय आहे हे कळणं वेगळंच प्रकरण. तात्यांनी कागदावर तारखा लिहिल्यात, पण तिथीने. 'आषाढ वद्य ३, शनिवार.' साल नाही. मास्तर माणूस, मुलांना 'वर्ष लिहा' म्हणून छडी मारणारा. गायकांची नावं आहेत, रागांची नावं आहेत, आणि रागांच्या नावांवर काट आहेत. एका कागदावर 'भूप' खोडून 'देशकार' केलंय, त्याखाली बारीक अक्षरात 'सकाळ!' असं. दोन्ही रागांचे स्वर तेच पाच. धैवतावर थांबणं आणि सकाळची वेळ यांवरून देशकार ओळखायचा. दुसऱ्या एकावर 'बागेश्री', मग 'रागेश्री', मग पुन्हा 'बागेश्री'. गंधार कोमल की शुद्ध हे ठरवायला तात्यांना बहुधा तीनदा ऐकावं लागलं. गुरू नव्हता त्यांना. जे शिकले ते असं, खोडून खोडून.

आणि रेडिओखेरीज शिकणार तरी कुठे? मुंबईत रेडिओ क्लबने १९२३ मध्ये प्रसारण केलं, २३ जुलै १९२७ ला इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचं मुंबई केंद्र सुरू झालं, पण त्याचा प्रक्षेपक दीड किलोवॅटचा. तो आवाज आमच्या खाडीपर्यंत काय येणार! कंपनीही १९३० मध्ये बुडाली, सरकारने कारभार हाती घेतला, आणि ८ जून १९३६ पासून 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव आलं. माझ्या आजोबांच्या पिढीने गाणं ऐकलं ते नाटक कंपनीचं, देवळातलं, नाहीतर खोताच्या घरच्या तबकडीवरचं. तबकडीची एक बाजू तीन-साडेतीन मिनिटांची. रामकृष्णबुवा वझे आमच्याच मुलखातले, सावंतवाडी संस्थानात जन्मलेले; पण गाणं शिकायला आणि गायला ते मुलूख सोडूनच गेले. विलंबित ख्याल अर्धा तास कसा वाढत जातो हे आमच्या वाडीने ऐकलं ते रेडिओवर, तात्यांच्या पडवीत.

पडवी पश्चिमेला. याला महत्त्व आहे. मध्यम लहरी जमिनीपेक्षा खाऱ्या पाण्यावरून कितीतरी लांब जातात. मुंबईपासून आमच्या किनाऱ्यापर्यंत मध्ये समुद्रच, त्यामुळे मुंबई 'ब' केंद्र भरदुपारीही आमच्याकडे चांगलं लागायचं. डोंगरापलीकडचं सांगली दिवसा कुजबुजायचं. रात्री मात्र सगळा बाजार भरायचा: सूर्य मावळला की आकाशातला लहरी शोषून घेणारा थर विरतो आणि हजार मैलांवरची केंद्रं वरच्या थरावर आपटून खाली येतात. शनिवारच्या कॅसेटींत ते सगळं आहे. दर काही सेकंदांनी गाणं मागे सरतं, खालून कुणीतरी अनोळखी भाषेत भाषण करतं, आणि पुन्हा समेवर गाणं पुढे येतं. तबलजी किती वेळा सम गाठून श्रोत्यांना परत आणतो ते मी मोजायला लागलो होतो.

साल शोधायला मदत झाली ती निवेदिकांची. गाणं सुरू होण्याआधी किंवा बाजू संपताना कुठेतरी केंद्राचं नाव, मीटर आणि किलोहर्ट्झ येतात. मुंबई 'ब' ५५८. रत्नागिरी ११४३. पुणे ७९२, सांगली १२५१, पणजी १२८७. कुठल्याही आकड्याला ९ ने भाग जातो, करून बघा. हे योगायोगाने नाही. २३ नोव्हेंबर १९७८ पासून आपल्याकडच्या मध्यम लहरींवरची केंद्रं ९-९ किलोहर्ट्झच्या टप्प्यांवर बसवली गेली. त्याआधी टप्पा १० चा होता. म्हणजे ज्या कॅसेटीवर ५५८ ऐकू येतं ती त्या नोव्हेंबरनंतरची. मग पंचांग काढायचं आणि आषाढ वद्य तृतीयेला शनिवार कुठल्या वर्षी होता ते बघायचं. आमच्या पोस्टमनच्या मुलाकडे जुनी पंचांगं निघाली, त्याचे वडील ती टाकत नसत. दोन रविवार मी पंचांगात घातले आणि ३१ कॅसेटींना सालं मिळाली. याच डब्याच्या तळाशी रेडिओचं लायसन-पुस्तकही सापडलं, वर्षाला १५ रुपये, पोस्टाचे शिक्के. त्याचा सालं ठरवायला काही उपयोग झाला नाही, पण तात्यांनी एकही वर्ष चुकवलेलं नाही हे कळलं.

आता खरा घोळ सांगतो.

डब्यातल्या पहिल्या वीसेक कॅसेटी जुन्या रेकॉर्डरवरच्या. तेव्हा तात्यांकडे टू-इन-वन, म्हणजे रेडिओ आणि रेकॉर्डर एकाच खोक्यात, नव्हता. व्हॉल्वचा रेडिओ फळीवर, त्याच्यासमोर स्टुलावर रेकॉर्डर, आणि त्याचा माइक उघडा. म्हणून या कॅसेटींत कोंबडा आहे, कौलांवरचा पाऊस आहे, गडग्यापलीकडून कुणीतरी 'मास्तरांनूऽऽ' करून हाक मारतंय. काकी सांगते, "शनवारी राती ह्या घरात कोण मेला तरी रडाची सोय नाय होती." तिची बाजूही ऐकायला हवी: तिला बुधवारी रात्री आठ वाजता रेडिओ सिलोन हवं असे, अमीन सायानींच्या सिनेगीतांच्या कार्यक्रमासाठी. १९५२ नंतर बाळकृष्ण केसकर नभोवाणीमंत्री असताना आकाशवाणीवरून सिनेसंगीत जवळजवळ हद्दपार झालं, आणि श्रोते सरळ सिलोनकडे गेले. विविध भारती आली ती १९५७ मध्ये. आमच्या घरातही ही फाळणी शेवटपर्यंत होती: बुधवार काकीचा, शनिवार तात्यांचा.

त्या वीसातली एक गंगूबाई हनगलांची होती, मारवा. लावली, आणि कोणी भलतीच बाई गायला लागली. आवाज पातळ, चपळ. गंगूबाईंचा आवाज एकदा ऐकलेला माणूस चुकणार नाही. तो भारदस्त, पुरुषी, जमिनीतून उगवल्यासारखा. म्हणजे वेग चुकला होता. तात्यांचा जुना रेकॉर्डर हळू फिरत असणार. हळू भरलेली टेप बरोबर वेगाने वाजवली की सूर चढतो.

पण किती चढला? इथे मी महिनाभर अडकलो. गायकाची पट्टी, म्हणजे तो कुठल्या सुराला सा धरतो ते, काही कुठे लिहिलेली नसते.

पुण्यात ध्वनिमुद्रणाचं काम करणाऱ्या एका मित्राने युक्ती सांगितली: विजेची घरघर शोध. रेकॉर्डर विजेवर चालत असेल तर टेपवर ५० हर्ट्झचा गुणगुणाट बसतो. आवाजाचा आलेख काढला तर खाली दोन बारीक रेघा दिसल्या. एक ५० वर, ती माझ्या डेकची. दुसरी ५१.३ वर, ती तात्यांची. मला वाटलं, जिंकलो. ५१.३ ची ५० करायची, म्हणजे वेग अडीच टक्क्यांच्या आसपास उतरवायचा. उतरवला. गंगूबाई थोड्या खाली आल्या, पण पोचल्या नाहीत. अजून कुणीतरी त्यांची नक्कलच करत होतं.

चूक कुठे होती ते मित्राच्याच लक्षात आलं. वीज ५० हर्ट्झवर ठाम राहते हे आजचं झालं. त्या काळी मागणी जास्त आणि वीज कमी, त्यामुळे ती ४९ च्या आसपास रेंगाळायची. जिच्या आधाराने मी सूर लावायला निघालो होतो तीच बेसूर होती.

मग काम बाजूला ठेवलं. गणपती आले. आमच्या घरी भजन असतंच, पण तात्या गेल्यापासून पेटी दुसऱ्या मंडळाची येते. तात्यांची पेटी देवघराशेजारच्या खोलीत कापडात गुंडाळलेली. भाता उंदरांनी खाल्लेला.

गणपती गेल्यावरच्या रविवारी पुढची कॅसेट लावली. कागदावर फक्त 'बागेश्री' आणि एक छोटासा तारा. सुरुवात कापलेली, त्यामुळे गायकाचं नाव नाही. पुरुषाचा आवाज, मध्यमवयीन, मागे सारंगी. बरं गात होता. मध्येच सारंगीच्या जोडीला पेटी ऐकू यायला लागली.

मी हेडफोन काढला आणि पुन्हा लावला. पेटी रेडिओतून येत नव्हती. रेडिओचा आवाज फळीवरून येतो तसा थोडा लांबचा, खोक्यातला. ही पेटी जवळची होती, माइकच्या डाव्या अंगाला असल्यासारखी. भात्याचा श्वास ऐकू येत होता. एका पट्टीचं लाकूड खडखडत होतं.

आता हा योग कसा आहे बघा. लायनेल फील्डन ऑल इंडिया रेडिओचे प्रमुख असताना १ मार्च १९४० पासून पेटीवर प्रसारणात बंदी आली. तिचे बारा स्वर ठोकून बसवलेले, तिच्यात मींड, म्हणजे सुरावरून सुरावर घसरत जाणं, निघत नाही, सुरांमधल्या बारीक श्रुती निघत नाहीत, असा आक्षेप. रवींद्रनाथ टागोरांनीही या मताला पाठिंबा दिला होता. स्वातंत्र्यानंतर केसकरांनी बंदी कायम ठेवली. १९७१ मध्ये ती सैल झाली, तीही आधी वरच्या श्रेणीच्या कलावंतांच्या साथीपुरती. पेटीचं एकल वादन नंतरही बरीच वर्षं दूरच राहिलं. तीस वर्षं रेडिओवर गायकाच्या मागे सारंगी नाहीतर व्हायोलिन. सारंगीचं भलं झालं यात शंका नाही. आकाशवाणीच्या नोकऱ्या नसत्या तर ती केव्हाच संपली असती. पण ज्या मुलखात दर वाडीला एक पेटी, दशावतारात पेटी, भजनात पेटी, दोन बुवांच्या सामन्यात, डबलबारीत, तर दोन दोन पेट्या, तिथल्या माणसांनी हे कसं ऐकलं असेल? काकीला विचारलं तर म्हणाली, "रेडियोवाल्यांका म्हणे पेटी चलत नाय. मगे तेंच्याकडे भजना कशी होतत?"

तात्यांनी तक्रार केलेली कुणी ऐकली नाही. ते फक्त पेटी काढून बसले, एकदा. एकदाच का, हेही नंतर कळलं. रोज गायकाची पट्टी पेटीशी जुळत नसे. तंबोरा दोन पट्ट्यांच्या मधे कुठेतरी लागलेला असला की पेटी बंद. त्या रात्री जुळली.

वाजवलंय कसं? खरं सांगायचं तर मधूनमधून चुकीचं. गायक गंधारावरून मध्यमावर घसरत जातो तेव्हा तात्यांची पेटी पायरीवर पाय आपटत चढते. गायकाचा कोमल गंधार केसभर खाली आहे, पेटीचा तिथेच ठाम उभा. दोघं एकत्र आले की एक बारीक थरथर ऐकू येते, दोन वाट्या एकमेकींना घासल्यासारखी. बंदी घालणाऱ्यांचं म्हणणं काय होतं ते मला त्या थरथरीत पहिल्यांदा कळलं, आणि पटलंही. तात्यांनाही कळलं असावं. थोड्या वेळाने ते गंधार टाळायला लागतात. मग नुसता षड्ज, म्हणजे सा, धरून बसतात, भाता संथ, गायक येईल तेव्हा त्याला घर उघडं ठेवल्यासारखं.

तो धरलेला षड्ज ऐकताना माझ्या डोक्यात लख्ख पडलं. हा सूर शेजारच्या खोलीत आहे.

तंबोरा रोज वेगळा लागतो, गळा वयाने बदलतो, वीज रेंगाळते. पेटीचा सूर पितळेचा, फळीला ठोकलेला. तीच पेटी, तोच सूर, चाळीस वर्षं. काकीला विचारलं, तात्यांनंतर कुणी पेटी सुरात करायला नेली होती का? "कोण नेतलो?" ती म्हणाली.

कुडाळच्या बाजूला पेट्या दुरुस्त करणारे एक म्हातारे कारागीर आहेत, त्यांच्याकडे नेली. त्यांना आधी वाटलं की पूर्ण पेटी करून घ्यायची आहे. मी म्हटलं, भाता तेवढा वारा धरील असा करा, आणि सुरांना हात लावू नका. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी दाढी करायला बसून वस्तरा लावू नका म्हणालो. "गंज आहे, कचरा आहे, घासून देतो की." मी पुन्हा नको म्हटलं आणि सगळी कहाणी सांगितली. मग त्यांना गंमत वाटली. सूर घासला की टोकाकडून चढतो आणि बुडाकडून उतरतो, म्हणून नुसता ब्रशने कचरा झटकला. गंजाने थोडाफार फरक पडला असेल, पण अर्ध्या पट्टीचा नाही पडत, हे त्यांचं मत. चामडं लावून भाता तयार झाला. दोन सूर मुके निघाले. मला हवा होता तो बोलत होता.

टेपवरचा सूर कुठल्या पट्टीचा? बोलणारे सूर एकेक करून वाजवले. जवळची पट्टी होती काळी एक, म्हणजे सप्तकातली पहिली काळी. फोनवर मोजलं: पेटीची काळी एक २७७ हर्ट्झ. टेपवर तोच सूर २८८. भागाकार केला, शंभराला चार.

चार टक्के. त्या वेळी घरात लाईट नव्हती, लॅपटॉपच्या बॅटरीवर काम चाललेलं. वेग चार टक्क्यांनी उतरवला आणि गंगूबाईंचा मारवा लावला. त्या आल्या. काय बदललं हे सांगता येत नाही; श्वास बदलला म्हणा. आधीची बाई घाईत होती, ही नव्हती. त्याच हिशोबाने विजेची घरघर ४९.३ वर आली, म्हणजे तीही आपल्या जागी बसली.

तरी खात्री हवी होती, कारण एकाच सुरावर वीस कॅसेटी तोलायच्या म्हणजे धाडस. ती खात्री अनपेक्षित जागी मिळाली. त्याच रेकॉर्डरवरच्या एका सकाळच्या कॅसेटीत सुरुवातीलाच आकाशवाणीच्या संकेतधुनेचे शेवटचे सात-आठ सेकंद आहेत. वॉल्टर कॉफमन नावाचे युरोपातून मुंबईत आलेले संगीतकार त्या काळी मुंबई केंद्रावर होते, त्यांची ती धून. तंबोऱ्यावर व्हायोलिन, शिवरंजनीचे स्वर. पिढ्यान् पिढ्या तीच धून वाजत आली. आज ऐकू येणाऱ्या धुनेशी तात्यांची धून ताडून पाहिली. चार टक्क्यांना थोडी कमी. केंद्रावरची यंत्रंही काही देवाने पाठवलेली नव्हती, तेवढं चालायचंच.

वीसातल्या चौदा कॅसेटी या मापाने सरळ झाल्या. सहा झाल्या नाहीत. त्या सेलवर भरलेल्या आहेत, लाईट गेलेल्या रात्रींच्या. सेल उतरत जातात तसा रेकॉर्डर मंदावत जातो, म्हणजे आता वाजवताना षड्ज हळूहळू वर चढतो. बाजूच्या सुरुवातीला काळी एक असलेला गवई शेवटी तिच्या पुढच्या पांढरी दोनच्या दारात उभा. त्यांना मिनिटामिनिटाला वेगळा वेग द्यावा लागतो. दोन केल्या, चार बाकी. बुरशीने टेपवरचा लेपच सुटलेल्या अकरा कॅसेटी वाजवण्याच्या पलीकडे आहेत, त्या तशाच ठेवल्या आहेत. बाकी सगळं दोन डिस्कांवर आहे, एक गावी आणि एक कणकवलीला. तासाला साधारण अर्धा जीबी, मोनो. इंटरनेटवर टाकणार का, असं सगळे विचारतात. गाणं आकाशवाणीचं आणि कलावंतांचं आहे, माझ्या काकांनी ते भरून घेतलं म्हणून ते आमचं होत नाही. घरी या, पडवीत बसा, ऐका.

बागेश्रीची कॅसेट काकीला ऐकवली. तिने पहिली पाच मिनिटं तांदूळ निवडत ऐकलं, काहीच बोलली नाही. पेटी सुरू झाली तेव्हा हात थांबला. मग म्हणाली, "ह्या पट्टीचा लाकूड तेवाच सुटलेला. सांगलंय होतंय तेंका." आणि पुन्हा तांदूळ निवडायला लागली. खडखडणारी ती पट्टी मध्य सप्तकातला धैवत आहे. कारागिरांकडून तीही करून घेतली नाही.

गायक कोण ते अजून लागलं नाही. जाणकार म्हणवणाऱ्या तिघांना ऐकवलं, तिघांनी तीन नावं सांगितली. मी नवा कागद कापून कॅसेटीत घातला आहे. राग बागेश्री. वेग चार टक्के उतरवलेला. गायक: प्रश्नचिन्ह. सारंगी: प्रश्नचिन्ह. तबला: प्रश्नचिन्ह. पेटी: तात्या.